चुकता न येणारा माणूस

मी नागपुरात कॅमेरा चालवतो. पोट लग्नांवर, जाहिरात वर्षातून एखादी. मागच्या मे महिन्यात बुटांच्या दुकानाची आली. गोष्ट एवढीच, की साडेसहा फुटी व्यावसायिक बास्केटबॉलपटू शेवटचा शॉट चुकवतो, रिंगवरून परत आलेला बॉल, म्हणजे रिबाउंड, दुकानाचे बूट घातलेलं पोरगं पकडतं आणि जिंकतं.

पहाटे साडेपाचला पोचलो. दहानंतर सिमेंटच्या कोर्टावर आमच्याकडे पाय ठेववत नाही. पहिली अडचण फ्रेमची. खेळाडूचा चेहरा घेतला की पोराचे नुसते केस दिसायचे. ‘गेम ऑफ डेथ’ चित्रपटात ब्रूस लीसमोर सात फूट दोन इंची बास्केटबॉलपटू करीम अब्दुल-जब्बार उभा आहे, पण तिथे त्या उंचीचीच तर मजा होती. मला बूट विकायचे होते. शेवटी कॅमेरा जमिनीला टेकवला नि मीही पालथा पडलो.

पहिला टेक. बॉल जाळीतून सर्रकन खाली.

“भाऊ, चुकवायचा आहे.”

“हो जी, सवयीनं गेला.”

दुसराही गेला. तिसरा त्याने ठरवून चुकवला आणि ते त्याहून वाईट दिसलं. कोपर मध्येच थबकलं, नजर बॉलमागे गेलीच नाही. आठव्या टेकपर्यंत शेठ घड्याळ बघायला लागले. खेळाडू खजील होऊन म्हणाला, “रोज पाचशे मारतो जी, हात ऐकतच नाही.”

मला ‘ही गॉट गेम’ चित्रपट आठवला. पटकथेत एनबीए या अमेरिकी लीगमधला खरा खेळाडू रे अ‍ॅलन याने अभिनेता डेन्झेल वॉशिंग्टनला 11-0 हरवायचं होतं. डेन्झेलने खरेखुरे बास्केट मारले आणि दिग्दर्शक स्पाइक लीने ते चित्रपटात ठेवले. अभिनेत्याकडून बास्केट पडू शकतो, मग याच्याकडून चूक का होऊ नये?

पास देणाऱ्या पोराला बाजूला घेतलं. पुरुषांचा बॉल सात नंबरचा. त्याच्या हातात मुलींचा सहा नंबरचा दिला. घेर इंचभर कमी, वजनालाही हलका.

पास आला, खेळाडूने झेलला आणि त्याच लयीत उडी मारून सोडला. बॉल रिंगच्या मागच्या कडेवर ठाणकन आपटून बाहेर. त्याचा खालचा ओठ लोंबला. नजर आधी रिंगवर, मग स्वतःच्या बोटांवर. पोराने रिबाउंड घेतला, बास्केट झाला, शेठ टाळ्या वाजवायला लागले. मी मात्र कॅमेरा थांबवला नाही.

तो सावकाश चालत आला, बॉल उचलला, तळहातावर एकदा फिरवला आणि थेट भिंगात बघत म्हणाला, “सहा नंबर हाय ना हा, भाऊ?”