एका वर्षाचे सुतक

सोल शहरात मराठी सहलगटांसाठी दुभाष्याचे काम करताना जोंगम्यो या, कोरियाच्या जोसोन राजघराण्याच्या स्मृतिमंदिरात मी नेहमी राजपुत्र सादोची गोष्ट सांगत असे. १७६२ मध्ये बापाने पोटच्या मुलाला तांदळाच्या पेटीत कोंडून मारले, हे ऐकून कोणीही थबकतो. दरबारातील पश्चिम आणि दक्षिण गटांचे वैर मात्र मी टाळायचो, कारण ‘शोकवस्त्रांचा कालावधी’ एवढे शब्द उच्चारताच लोक मोबाइलकडे वळत.

त्या दिवशी गटात एक वृद्ध गुरुजी होते. मुख्य वास्तूतील १९ दालनांत राजा-राण्यांचे ४९ स्मृतिफलक आहेत, हे सांगताच त्यांनी मधल्या दारांकडे बोट दाखवून तिथे कोण आहे असे विचारले. मी म्हणालो, ओळीने राजा इंजो, त्याचा मुलगा ह्योजोंग आणि नातू ह्योनजोंग. आणि नाइलाजाने तो वाद सांगू लागलो.

“अहो, म्हणजे सुतक म्हणा की!” गुरुजी म्हणाले, आणि सगळा गट जवळ सरकला.

मग मी तोच शब्द धरून सांगत गेलो. ह्योजोंग १६५९ मध्ये वारला तेव्हा त्याची सावत्र आई जाउई, जी वयाने त्याच्याहून लहान होती, जिवंत होती. आईने थोरल्या मुलाचे सुतक तीन वर्षे पाळायचे, धाकट्याचे एक वर्ष. ह्योजोंग दुसरा मुलगा. थोरला युवराज सोह्योन आधीच वारला होता, पण त्याचा वंश शिल्लक होता. त्यामुळे पश्चिम गटाच्या सोंग सी-योलने एक वर्ष सांगितले, तेव्हा गादीवरचा वंश धाकट्या पातीचा ठरतो, असा दक्षिण गटाने गिल्ला केला. तरी एक वर्षच ठरले, आणि तीन वर्षांसाठी भांडणारा कवी युन सोन-दो हद्दपार झाला.

“ज्येष्ठत्वाचा प्रश्न आहे हा, दिवसांचा नव्हे,” गुरुजी पुटपुटले. मी इतक्या वर्षांत हे इतक्या थोडक्यात कधी सांगू शकलो नव्हतो.

१६७४ मध्ये ह्योजोंगची राणी वारली आणि जाउईची ही सून थोरली की धाकटी, हा प्रश्न पुन्हा निघाला. पश्चिम गट नऊ महिने म्हणे, दक्षिण गट एक वर्ष. या वेळी ह्योनजोंगने दक्षिण गटाचे ऐकले, आणि त्याच वर्षी तोही वारल्यावर पश्चिम गटाची सत्ता गेली. पुढे १६८०, १६८९ आणि १६९४ असे तीनदा पारडे फिरले. १६८९ मध्ये ऐंशी ओलांडलेल्या सोंग सी-योलला राजाज्ञेने विष प्यावे लागले.

मागे उभ्या असलेल्या एक काकू इतका वेळ बोटांवर काही मोजत होत्या. “म्हणजे त्या सासूबाईंनी,” त्या म्हणाल्या, “दोन्ही वेळा वर्षभरच पाळलं ना?”

मी हो म्हणालो, आणि इंजोच्या दालनातच तिचाही फलक आहे, हे त्यांना दाखवले.