तुम्ही विचारलंत म्हणून : त्या वह्या मी का छापत नाही

माझे काका फ्रीमेसन होते, म्हणजे गुप्त विधी पाळणाऱ्या एका जुन्या बंधुसंघाचे सभासद. त्यांनी हाताने लिहिलेल्या चिंतनाच्या वह्यांबद्दल ज्यांना ठाऊक आहे, ते सगळे भेटले की एकच विचारतात : छापत का नाही? आणि मी तोंड उघडायच्या आत उत्तरही तेच देतात, "हां, फ्रीमेसनांची गुपितं, शपथा वगैरे." नाही हो. गुपितांचा इथे काही संबंध नाही. लॉजमधले, म्हणजे मेसनांच्या स्थानिक शाखेतले, विधी, प्रश्नोत्तरं, खुणा हे सगळं सॅम्युअल प्रिचर्डने लंडनमध्ये १७३० सालीच छापून टाकलं. पहिली ग्रँड लॉज, म्हणजे लॉजांची मध्यवर्ती संस्था, निघाली १७१७ साली, म्हणजे तेव्हा जेमतेम तेरा वर्षं झाली होती. ज्याला नुसत्या खुणा हव्यात, त्याची सोय केव्हाच झालेली आहे.

दुसरा प्रश्न जरा टोचून येतो. बायकांना लॉजमध्ये घेत नाहीत, मग तुम्हाला एवढं काय पडलंय? स्त्रीपुरुष दोघांनाही घेणारी एक शाखा फ्रान्समध्ये १८९३ साली निघाली, ॲनी बेझंट १९०२ मध्ये तिच्यात गेल्या. मी कुठेच गेलेले नाही. मी वाचते, आणि ज्यांना आता कोणी हात लावत नाही अशांना वाचते.

मला या वाटेला लावलं मेरी ॲन ॲटवुडने. तिशी ओलांडलेल्या या बाईने १८५० साली किमयेवर एक जाडजूड ग्रंथ निनावी छापला. शिशाचं सोनं हा वरवरचा अर्थ, मुशीत घालायचा तो माणूसच, हे तिचं सांगणं. पुस्तक बाहेर पडतंय न पडतंय तोच तिच्या वडिलांच्या मनाने घेतलं की पवित्र ते आपण उघड्यावर मांडलं. हाती लागल्या तेवढ्या प्रती परत मिळवून जाळल्या. ती १९१० पर्यंत जगली, दुसरा ग्रंथ काही तिने छापला नाही. थोड्या प्रती आगीतून सुटल्या होत्या, म्हणून १९१८ साली तो पुन्हा निघाला. प्रस्तावना विल्मशर्स्टची. हा हडर्सफील्डचा वकील, स्वतः मेसन. लॉजमधले विधी म्हणजे माणसाच्या आतल्या प्रवासाचा नकाशा आहे, असं मांडणारं त्याचं पुस्तक पुढे १९२२ साली आलं.

ही जाळपोळ म्हणजे गुन्हा, असं मी ज्याला त्याला ठणकावून सांगायचे. एकदा लिहिलं की ते लिहिणाऱ्याचं राहत नाही. काकांनाही सांगितलं. विल्मशर्स्ट मी त्यांच्याबरोबर बसून वाचलेला. त्यांनी ऐकून घेतलं. पुढे आजारपणात त्यांनी वह्यांची पिशवी माझ्यापुढे सरकवली.

"वाच आणि जाळून टाक."

"जाळायच्याच होत्या तर लिहिल्यात कशाला?"

"लिहिल्याशिवाय मला कळत नाही म्हणून. छापल्याने कुणाला काय कळणार आहे?"

मी हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही. ते गेले. नंतर त्यांची मुलगी घरी आली. "मला त्यांनी एक पान कधी दाखवलं नाही," म्हणाली, "तुम्हाला सगळं दिलं." यावर काय बोलणार? मी पिशवी तिच्यासमोर ठेवली.

प्रत्येक वहीत डाव्या पानावर ट्रेसिंग बोर्डाचं, म्हणजे लॉजमध्ये शिकवणीसाठी वापरतात त्या प्रतीकांच्या फलकाचं, चित्र : काळ्यापांढऱ्या चौकटींची फरशी, तीन खांब, वर जाणारी शिडी. उजव्या पानावर त्या दिवशी चिंतनाला बसल्यावर मनात आलेलं, बरंचसं खोडलेलं. ती वाचत वाचत तिसऱ्या डिग्रीपाशी, म्हणजे मेसनाच्या तिसऱ्या दीक्षेपाशी, आली. तिथली कथा अशी : बायबलमधल्या शलमोन राजाच्या मंदिराचा मुख्य कारागीर हिराम अबिफ मारेकऱ्यांना गुप्त शब्द सांगत नाही आणि मारला जातो. त्याच्याबरोबर शब्दही जातो. म्हणून मेसनाला एक बदली शब्द देतात, खरा सापडेपर्यंत चालवून घ्यायला. त्या चित्रासमोर काकांची एकच ओळ होती, न खोडलेली : "ही गेली. बदली शब्दावर दिवस काढतो आहे."

मुलीने वही मिटली नाही. बराच वेळ त्या ओळीवर बोट ठेवून बसली. मग म्हणाली, "आई गेल्यावर बाबा तिच्याबद्दल एक अक्षर बोलले नाहीत. मला वाटायचं, त्यांना काही वाटलंच नाही." निघताना दारात थांबून म्हणाली, "छापू नका. आणि जाळूही नका."

काकांनी फक्त मला वाचायला सांगितलं होतं, हे मला कळतं. तरी पुन्हा वेळ आली तर ते पान मी तिला पुन्हा दाखवीन. जाळलं असतं तर ती तोच समज मनात धरून राहिली असती. म्हणजे माझं जुनं म्हणणंच खरं ठरलं की! पण त्यावरून छापायचं कसं निघतं? ज्याला प्रिचर्डचे विधी पुरतात, त्याला ती ओळ वाचून काय कळणार? लगेच माझीच जुनी मी विचारते : ॲटवुडच्या घरच्यांचं ऐकलं असतं तर तुला ती मिळाली असती का? नसतीच मिळाली. जे पुसून टाकायला ते निघाले होते, तेच मी वाचत आले आहे, त्याने मी घडले आहे, आणि तरी काकांच्या वह्या प्रेसकडे पाठवायला हात धजत नाही. या दोन्ही गोष्टी एकदमच खऱ्या आहेत, मी त्यांची सांगड घालू शकलेले नाही.

शाई उडायला लागली आहे, म्हणून सध्या मी वह्या उतरवून काढते आहे, खोडलेल्या ओळींसकट. ही नक्कल कुणासाठी, ते मी ठरवलेलं नाही. त्यांच्या मुलीला तेवढं सांगितलं आहे. ती हो म्हणाली नाही, नको असंही म्हणाली नाही.