तुम्ही विचारलंत म्हणून : पोरांना केएमटीतनं का फिरवता?

"बाई, ऐन नववी-दहावीत अभ्यास सोडून पोरांना केएमटीतनं का फिरवताय?" पालक विचारतात, संस्थेची माणसं विचारतात, शेजारच्या शाळेतले शिक्षकही विचारतात. केएमटी म्हणजे कोल्हापूरची शहर बस, आणि पोरं म्हणजे आमच्या शाळेतली दिव्यांग मुलं; त्यांना आम्ही एकट्यानं बसनं जायला शिकवतो. आजवर दोन वाक्यांत उत्तर देऊन वेळ मारून नेली. आता सगळंच सांगते.

मी अभ्यासाच्या विरोधात नाही. लेखनिक मिळावा, पेपरला जादा वेळ मिळावा म्हणून मी दरवर्षी भांडते, यंदाही भांडले. दहावीचं प्रमाणपत्र हातात पडल्यावर घरातल्यांचे चेहरे कसे होतात ते मी पाहिलंय. त्यामुळं कुणी मला गुणांचं महत्त्व शिकवू नये.

आमचा एक विद्यार्थी होता, सौम्य बौद्धिक अक्षमता असलेला. दहावीनंतर त्याला शिरोली एमआयडीसीत काम लागलं. मशीनवरून आलेले छोटे पार्ट मोजून पिशवीत भरायचे. पन्नासच्या पिशवीत पन्नासच, त्याच्या हातून एकोणपन्नास कधी गेले नाहीत. ती मोजणी आम्ही शाळेत घोटून घेतली होती, आधी मणी, मग बटणं, शेवटी खरे नटबोल्ट. सुपरवायझर खूश होता. वडील रोज स्कूटरवरून सोडायचे आणि आणायचे.

मग वडलांना अर्धांगाचा झटका आला. आईनं दवाखाना बघायचा का पोराला सोडायला जायचं? मी सकाळी घरी गेले तर पोरगं इस्त्रीचा शर्ट घालून, डबा मांडीवर घेऊन दारात बसलेलं. "रोज असंच बसतंय," आई म्हणाली, "जेवायची वेळ झाली की हितंच डबा खातंय. सोडायला कोण न्हाई, बाई." मी म्हटलं, अगं, केएमटी जाते की. त्यावर तोच म्हणाला, "बाई, बस कुठली ते मला कोण सांगणार?"

बस कुठली, हात कधी करायचा, उतरायचं कुठं, पुढं महामार्गाची ती गर्दी कशी ओलांडायची, यातलं त्याला काहीच येत नव्हतं. त्यानं जन्मात कधी कंडक्टरकडं तिकीट मागितलं नव्हतं. त्याच्या वतीनं कायम दुसरंच कुणीतरी बोलत आलं होतं. सुपरवायझर भला माणूस, त्यानं वाट बघितली, दोनदा फोन केला. पण माल थांबणार नव्हता. जागा दुसऱ्याला गेली. काम येत असलेला पोरगा कामापर्यंत पोचता येत नाही म्हणून घरी बसला.

यात मी कुणाला दोष देत नाही. सोडायला माणूस असेल तोवर हे कुणाच्या डोक्यातच येत नाही.

"सरकारी नोकरीत राखीव जागा आहेत की," असंही ऐकवतात. आहेत. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यानं ४ टक्के आहेत. पण त्यातला १ टक्का स्वमग्नता, बौद्धिक अक्षमता, अध्ययन अक्षमता, मानसिक आजार आणि बहुविकलांगता या सगळ्यांत मिळून आहे. १९०२ साली ज्या कोल्हापुरातून शाहू महाराजांनी ५० टक्के जागा राखून ठेवल्या, तिथं बसून मी आरक्षणाला कमी लेखणार नाही. फक्त त्या एका टक्क्याच्या भरवशावर पोराला घरी बसवू नका. त्याच कायद्यात मोफत शिक्षणाचा हक्क १८ वर्षांपर्यंतच आहे. आणि १८ पूर्ण झाली की मूल कायद्यानं सज्ञान. गरज असेल तर १९९९ च्या राष्ट्रीय न्यास कायद्याखाली पालकत्वाचा अर्ज करावा लागतो, हे बऱ्याच घरांना बँकेच्या खिडकीपाशी कळतं. म्हणून मी चौदाव्या वर्षापासून मागं लागते.

"आणि हरवलं तर?" हरवू शकतं. मी कुणाला हमी देत नाही. आधी आम्ही सोबत बसतो, मग दोन सीट मागं, मग पुढच्या थांब्यावर उभं राहतो. मिरवणुकीनं मार्ग बदलला तर काय करायचं, हेही शिकवतो. तरी धाकधूक असतेच, माझीसुद्धा.

मुलींच्या आया विचारतात तेव्हा मात्र माझ्याकडं उत्तर नसतं. "हरवणं सोडा, बाई, दुसरंच काहीतरी झालं तर?" एकीनं मुलीचं नावच काढून घेतलं. मी तिला समजवायला गेले आणि निम्म्यात गप्प झाले. ती चुकीचं बोलत नव्हती. पण मुलगी घरात ठेवली म्हणजे सुरक्षित, हेही मला पटत नाही. या दोन्हींतून वाट कशी काढायची, मला अजून सापडलेलं नाही.

तोवर एवढंच करता येतं. ज्यांना भीती वाटते त्या पालकांनी सोमवारी आमच्याबरोबर बसमध्ये यावं. मागच्या सीटवर बसावं, डोळ्यांनी बघावं. फक्त कंडक्टर जवळ आला की तुम्ही बोलायचं नाही.