चौथं गृहीतक

फळ्यावर बाजारातल्या समतोलाच्या सिद्धतेची चारही गृहीतकं लिहून झाली होती. खडू खाली ठेवणार तेवढ्यात मागच्या बाकावरून आवाज आला, "मॅडम, चौथं परत सांगता का?"

वर्गात त्या दिवशी सहाच जण होते. दसरा होऊन आठवडा झाला होता. आमचं कॉलेज मराठवाड्यातल्या ज्या भागात आहे तिथून दसऱ्यानंतर गावंच्या गावं ऊसतोडीला निघतात. मग एम.ए.च्या वर्गातली हजेरीही उतरते, कारण मागे राहिलेल्या पोरापोरींवर धाकटी भावंडं, म्हातारी माणसं आणि जनावरं असतात. प्रश्न विचारणारी मुलगी त्यांतलीच. आईवडील कोयत्यावर गेलेले, घरी ती आणि आजी.

मी सूक्ष्म अर्थशास्त्र शिकवते आणि बाजारातल्या समतोलाच्या अस्तित्वाची सिद्धता दरवर्षी पूर्ण शिकवते. चार तासिका जातात. परीक्षेत फारसं येत नाही, बरेच जण प्रमेय सांगून पुढे जातात. मला ते पटत नाही. मराठीतून शिकलेल्या पोरांना निष्कर्ष द्यायचा आणि सिद्धता मात्र मोठ्या शहरांतल्या संस्थांसाठी राखून ठेवायची, हा अन्याय आहे. ज्याला सिद्धता येते तोच प्रमेयाला प्रश्न विचारू शकतो.

प्रश्न जुना आहे. प्रत्येक वस्तूच्या बाजारात मागणी पुरवठ्यात मावेल असा किमतींचा एखादा संच असतो का? लिऑन वालरास यांनी १८७४ मध्ये तो समीकरणांत मांडला. जितके अज्ञात तितकी समीकरणं, एवढ्यावर त्यांचं समाधान झालं होतं. पण समीकरणं आणि अज्ञात सारखे असले म्हणून उत्तर असतंच असं नाही. पक्की सिद्धता १९५४ मध्ये आली, केनेथ ॲरो आणि जेरार्ड डेब्रू यांची. त्याच वर्षी लायोनेल मॅकेन्झी यांनी वेगळ्या वाटेनं तीच गोष्ट दाखवली. ॲरो-डेब्रू यांच्या सिद्धतेचा पाया म्हणजे शिझुओ काकुतानी यांचं १९४१ चं स्थिरबिंदू प्रमेय.

ते प्रमेय मी आधी वहीच्या पानावर शिकवते. एक चौकोन काढा, त्याचा कर्ण काढा. आता डाव्या कडेवरच्या कुठल्याही बिंदूपासून उजव्या कडेपर्यंत पेन न उचलता, चौकोनाबाहेर न जाता रेष न्या. ती कर्णाला कुठंतरी छेदणारच. छेदते तो स्थिरबिंदू, म्हणजे रेषेचा नियम लावला तरी जागचा न हलणारा बिंदू. किमतींचं तसंच आहे: मागणी किमतीबरोबर अखंड बदलत गेली, मधेच तुटली नाही, तर समतोल सापडतो. सगळी मदार "पेन न उचलता" या तीन शब्दांवर आहे आणि गृहीतकं असतात ती पेन उचलावा लागू नये म्हणून.

चौथं गृहीतक असं: प्रत्येक व्यक्तीकडे सुरुवातीलाच प्रत्येक वस्तूचा इतका साठा असतो की, ती जगण्यापुरतं वापरून वर प्रत्येक वस्तू थोडी तरी उरते. अकरा वर्षं मी त्यापुढे एकच वाक्य बोलत आले होते, "हे तांत्रिक आहे, लिहून घ्या." त्या दिवशीही तेच बोलले.

"म्हणजे बाजारात गेलाच नाही तरी तो माणूस जगतो?" तिनं विचारलं.

"हो."

"मग बाजारात जातो कशाला?"

"आहे त्यापेक्षा बरं जगायला."

ती वहीकडे बघत राहिली. मग म्हणाली, "मॅडम, आमच्या वस्तीवर असं एकसुद्धा घर नाही. आमच्याकडं फक्त हात आहेत."

वर्गात कुणी हसलं नाही, कुणी चुळबुळलंही नाही. सहापैकी चार घरं तशीच होती. मला त्या क्षणी उत्तर सुचलं नाही हे खरं. गृहीतक सोडलं तर सिद्धता कुठं मोडते हे मला माहीत होतं, पुस्तकात एक आकृती असते तीही मी काढत असे. ती आकृती कुणाच्या घराची आहे, असा विचार मात्र केला नव्हता. मी खडू तिच्या हातात दिला आणि म्हणाले, "ये, तुझं घर घाल यात. बघू काय होतंय."

तिनं घातलं. दोनच माणसं, दोनच वस्तू. शेतकऱ्याकडे १० पायल्या ज्वारी. त्याला ज्वारीच हवी, जितकी जास्त तितकी बरी. दुसऱ्याच्या कामाची त्याला गरज नाही. "हार्वेस्टर आणलाय त्यानं," बाजूच्या पोरानं भर घातली. मजुराकडे ज्वारी शून्य, दिवसाचे १० तास. ते तास तो विकेल किंवा विसाव्यासाठी ठेवेल. पण २ पायल्यांखाली तो जगतच नाही. ज्वारीची किंमत पायलीला १ धरली. आता मजुरी किती असेल तर हिशोब जुळेल?

तिनं पायरीपायरीनं केलं. मजुरी शून्य, तर मजुराच्या हातात काहीच नाही आणि २ पायल्या घेता येत नाहीत. मजुरी तासाला एक पंचमांश पायली, तर दहाही तास विकून बरोबर २ पायल्या. पण शेतकऱ्याला आपल्या दहाच्या दहा हव्यात, बदल्यात कुणाचे तास नकोत. मागणी झाली १२, ज्वारी १०. मजुरी वाढवली तरी मजूर निदान २ मागणारच, शेतकरी १० सोडणार नाही. आणि ज्वारी फुकट केली तर शेतकऱ्याच्या मागणीला अंतच नाही. म्हणजे कुठल्याच किमतीला समतोल नाही.

"आणि पेन कुठं उचलला?" मी विचारलं.

तिनं एक पंचमांशावर बोट ठेवलं. "इथं. याच्या वर माणूस मागतोय. याच्या खाली तो मागणीतच नाही." थांबून ती म्हणाली, "खाली तो कुठं गेला, मॅडम? तक्त्यात तर काहीच लिहिलेलं नाही."

गणिताच्या भाषेत याला उपभोक्त्याचा अंदाजपत्रक-संच रिक्त होणं म्हणतात, म्हणजे हातातल्या पैशांत जगण्यापुरतं घेता येईल असा एकही पर्याय न उरणं. मी तसं म्हणाले आणि म्हणतानाच ते शब्द मला जड गेले.

पहिल्या बाकावरचा मुलगा, ज्याच्या घरी थोडी शेती आहे, जरा चिडून म्हणाला, "मॅडम, असं कुणी करत नाही. दोन पायल्या देतोच की शेतकरी. माणूसच आहे तो." त्याचं खरं होतं, गावोगाव तसं घडतही असतं. पण ते देणं झालं, विनिमय नव्हे, आणि प्रमेय फक्त विनिमयाबद्दल बोलतं. तोही थोडा वेळ विचार करून म्हणाला, "मग ज्याला देणारा भेटला नाही त्याचं काय?" तास संपल्याची घंटा झाली तरी कुणी उठलं नाही. पुढच्या तासाचे सर दारात येऊन उभे राहिले तेव्हा फळा पुसावा लागला.

रात्री मी ॲरो-डेब्रू यांच्या लेखाची झेरॉक्स काढून बसले. पीएच.डी.च्या दिवसांपासूनची, सिद्धतेच्या पानांवर पेन्सिलीच्या खुणाच खुणा. गृहीतकावरच्या चर्चेचा परिच्छेद कोरा. तोच वाचला. त्या दोघांनी स्वतःच लिहून ठेवलं आहे की हे गृहीतक उघडच वास्तवाला धरून नाही. पण ते किंवा त्याच्या जोडीचं दुसरं काही लागतंच, आणि त्यातून एक महत्त्वाचं तत्त्व दिसतं: समतोल हवा असेल तर प्रत्येक माणसाकडे अशी काही मालमत्ता किंवा असे श्रम असले पाहिजेत ज्यांना समतोलात शून्याहून जास्त किंमत मिळेल.

मी ते दोन-तीनदा वाचलं. अकरा वर्षं ज्याला मी तांत्रिक म्हणत होते, तिथं सिद्धता करणाऱ्यांनी स्वतः थांबून माणसाविषयी बोललं होतं.

त्याच लेखात दुसरं, सौम्य गृहीतकाचं प्रमेय आहे. प्रत्येक वस्तू उरायला हवी ही अट तिथं नाही. प्रत्येकाकडे किमान एक तरी उत्पादक प्रकारचे श्रम देण्यासारखे असावेत, म्हणजे असे श्रम की जे वाढले तर सगळ्यांना हवी असलेली एखादी वस्तू जास्त पिकेल. आमच्या फळ्यावरच्या मजुराचं नेमकं तेच अडलं होतं, त्याच्या हातांनी ज्वारी पिकत नव्हती. मात्र व्यापार न करताही माणूस कसाबसा जगू शकतो, हे त्या दुसऱ्या प्रमेयातही धरलेलंच आहे. प्रत्येक व्यक्तीबद्दलची ती अट मॅकेन्झी यांनी काढून दाखवली ती १९८१ मध्ये. त्यांची अट थोडक्यात अशी की, लोकांचे कसेही दोन गट पाडा, एका गटाकडे दुसऱ्याला उपयोगी पडेल असं काहीतरी असलंच पाहिजे. कुणीही पूर्ण बिनकामाचा ठरता कामा नये.

दुसऱ्या दिवशी मी हे वर्गात वाचून, मराठी करून सांगितलं. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "हे तर आजीला ठाऊक आहे."

आजी १९७२ च्या दुष्काळात सोळा-सतरा वर्षांची होती. शेतं करपलेली, कुणालाच कुणाच्या हातांची गरज उरली नव्हती. तेव्हा रस्त्याचं काम निघालं. आजी खडी फोडायला बसायची, आठवड्याला पगार आणि सुकडी मिळायची. आदल्या रात्री नातीनं तिला फळ्यावरचा हिशोब सांगितला, तर आजी म्हणाली होती, "अगं, तवा सरकारनं खडीला किंमत लावली म्हणून आपण हाव."

त्या तासाला मी धडा बाजूला ठेवला आणि रोजगार हमीवर बोलले. ही योजना मांडणाऱ्या वि. स. पागे यांचा आग्रह, तासगाव तालुक्यातला पहिला प्रयोग, बहात्तरच्या दुष्काळातली कामं, मग १९७७ चा कायदा. मागेल त्याला काम द्यायचं, हे राज्यानं कायद्यानं अंगावर घेतलं. त्याच्या खर्चासाठी १९७५ मध्ये व्यवसाय कर सुरू झाला. माझ्या पगारातून दरमहा २०० रुपये आणि फेब्रुवारीत ३०० कापले जातात, ती ओळ मी इतकी वर्षं नुसती वाचत आले होते. त्या दिवशी पगाराची चिठ्ठीच वर्गात फिरवली. ॲरो-डेब्रू यांनी जे गृहीत धरलं, ते या राज्यात पैसे काढून, कामं काढून खरं करावं लागलं होतं.

तास संपताना तिनं आणखी एक गोष्ट काढली. "मॅडम, आम्ही शून्यावर पण नाही. मुकादमाकडून उचल घेतलेली असते. ती पावसाळ्यात खाऊन संपते आणि मग ती फेडायला कोयता उचलायचा. साठ्याच्या जागी उणे आकडा लिहायचा का?"

उणे आकडा नुसता लिहिता येतो. पण उचल घेताना पुढच्या हंगामाचे श्रम आधीच विकलेले असतात, त्यामुळे काळ दोन टप्प्यांत मांडावा लागतो, आणि मुकादम बदलता येत नसेल तर एकच किंमत सगळ्यांना खुली आहे हेही धरता येत नाही. आम्ही दोघींनी एक मांडणी करून पाहिली. पहिल्या टप्प्यात ती जुळली, दुसऱ्यात संच पुन्हा रिक्त झाला. आता दर बुधवारी चार वाजता, तिची जनावरं पाण्यावर नेऊन झाली की, आम्ही विभागातल्या मोठ्या टेबलावर बसतो. वही अर्धी भरली आहे. आईवडील परत यायच्या आत तिला ती पुरी करायची आहे, कारण पुढची उचल किती घ्यायची ते पावसाळ्याआधी ठरतं.