विळ्याच्या बाकाची ट्रॅक पँट: तिसरा नमुना अंगावर बसला

तिसरा नमुना काल रात्री मशीनवरून उतरला आणि आज सकाळी तोच घालून मी भाजी आणायला गेले. पायाची रेघ मांडीपासून बाहेर झुकते, घोट्याशी पुन्हा आत वळते, आणि खाली बसून उठलं तरी मोडत नाही. पहिल्या दोन नमुन्यांत हे जमलं नव्हतं. घरी निटचं (टी-शर्टसारखं, फंद्यांनी विणलेलं ताणणारं) कापड शिवणाऱ्यांना उपयोग होईल म्हणून मापांसकट लिहितेय.

या कटला बाजारात बॅरल लेग म्हणतात. चीनमध्ये त्याचं नाव वाकड्या तलवारीवरून पडलंय, आणि मला ते जास्त पटतं. बॅरल म्हणजे पिंप. त्या शब्दावर विसंबून मी पहिल्या नमुन्यात पिंपच शिवलं होतं: बाहेरच्या शिलाईला गुडघ्याशी साडेपाच सेंटीमीटरचा बाक दिला आणि आतली शिलाई सरळ ठेवली. पाय नुसता फुगला. चालताना जास्तीचं कापड दोन गुडघ्यांच्या मध्ये येऊन घासत होतं.

मग मैत्रिणीची तयार पँट मागून आणली, पलंगावर सपाट पसरली, एक पाय बाजूला केला आणि नुसती आतली शिलाई पाहिली. तीही बाहेरच्याच दिशेला वाकलेली होती. सगळं मर्म तिथेच आहे. दोन्ही शिलाया एकाच दिशेने वळल्या तर विळा होतो, एकच वळली तर फुगा. तेव्हापासून दुकानात कुठलीही अशी पँट दिसली की मी ती काउंटरवर पसरून आधी आतली शिलाई बघते. ती फूटपट्टीसारखी सरळ असेल, तर ती फक्त गुडघ्यात रुंद असलेली पँट आहे. ती वाईट नसते, पण घालून आरशात बघताना जो आकार मनात असतो तो तिच्यातून मिळत नाही.

जाता जाता जोधपुरी ब्रिचेसबद्दल, म्हणजे घोडेस्वारीच्या पँटबद्दल. 1897 साली जोधपूरचे सर प्रताप सिंह व्हिक्टोरिया राणीच्या हीरक महोत्सवाला इंग्लंडला गेले आणि तो कट तिकडे गाजला. त्यातला फुगवटा मांडीला असतो, कारण मागावर विणलेलं कापड ताणत नाही आणि घोड्यावर मांडीला जागा लागते. आपल्या निटला ती गरज नाही. इथला बाक फक्त रेषेसाठी आहे, म्हणून ती रेष चुकली तर लपवायला दुसरं काही उरत नाही.

तिसऱ्या नमुन्याची मापं: नितंब 100, आतली लांबी 72, पँट सपाट ठेवून गुडघ्याशी रुंदी 29, बॉटम (घोट्याशी सपाट रुंदी) 19. बाहेरच्या शिलाईचा बाक साडेपाच, आतल्या शिलाईचा तीन. सगळं सेंटीमीटरमध्ये. कागदावर हा बाक फार मोठा दिसतो आणि लांबी वाढेल अशी भीती वाटते. प्रत्यक्षात 80 सेंटीमीटरच्या सरळ रेषेला साडेपाचचा बाक दिला तर शिलाई जेमतेम एक सेंटीमीटरने लांबते, आतली तर अर्ध्याहूनही कमी. म्हणून उंचीचं माप बदलू नका. फक्त पुढच्या आणि मागच्या भागाच्या कडा टेपने वळणावरून मोजून सारख्या करून घ्या. मी आठ ठिकाणी खाचा दिल्या आणि टाचण्या लावताना एकही कडा ताणली नाही.

बाकाचा सर्वांत बाहेरचा बिंदू कुठे ठेवायचा यात माझे दोन आठवडे गेले. बरोबर गुडघ्यावर ठेवला होता, पण पँट रात्रभर हँगरला टांगून सकाळी मोजली तर तो दोन सेंटीमीटर खाली आलेला. निट स्वतःच्या वजनानेच लांबतं, आणि जाड कापडाची पँट वजनदार असते. बिंदू गुडघ्याच्या खाली गेला की पँट कमरेवरून घसरल्यासारखी दिसते. आता मी तो गुडघ्याच्या तीन सेंटीमीटर वर काढते. अंगावर तो आपोआप जागेवर येतो.

कापडाबद्दल मात्र सविस्तर. मुंबईच्या मंगलदास मार्केटमधून आणलेलं पहिलं लूपनिट (आतून लूप असलेलं निट) हाताला मऊ होतं, घरी वजन केलं तर 240 जीएसएम (एका चौरस मीटरचं ग्रॅममधलं वजन) निघालं. वजन करायची रीत सोपी आहे: 10 बाय 10 सेंटीमीटरचा तुकडा सोनं तोलायच्या छोट्या काट्यावर ठेवा आणि ग्रॅमला शंभराने गुणा. माझ्या आताच्या कापडाचा तुकडा 3.4 ग्रॅम भरला, म्हणजे 340. 240 मध्ये बाक उभाच राहत नाही, कापड पायावर पडून सरळ होतं. आतून घासून लव उठवलेलं फ्लीस उभं राहतं, पण मुंबईच्या हवेत ते जानेवारी सोडला तर घालवत नाही. आत नुसते लूप असलेलं, लव न उठवलेलं जाड कापडच घ्या. थोडं पॉलिएस्टर मिसळलेलं असेल तर गुडघ्याला पोक कमी येतो. शंभर टक्के सुतीत तो संध्याकाळपर्यंत आलाच.

दुसरा नमुना मी मुद्दाम आडवा कापला. अमेरिकेत चॅम्पियन या कपड्यांच्या कंपनीने स्वेटशर्टचं कापड आडवं वापरायची युक्ती शोधली (पेटंटं 1938 आणि 1952 ची), म्हणजे धुतल्यावर तो लांबीत आटत नाही. पँटमध्ये मला ते मानवलं नाही. निट रुंदीला जास्त ताणतं. ते आडवं केलं की सगळा ताण लांबीत येतो, आणि माझी पँट दुपारपर्यंत टाचेखाली आली. त्यापेक्षा कापायच्या आधी कापड धुणं बरं. 50 चा चौकोन खडूऐवजी दोऱ्याने आखून धुतला, तर उभा 47 राहिला, म्हणजे सहा टक्के. तेवढं आटलेलं कापड मग निर्धास्त कापता येतं.

धुण्याने आणखी एक दोष उघडा पडतो. सुताच्या पिळामुळे काही निट कापडं धुतल्यावर तिरकी होतात. दोन्ही पाय एकाच कापडाचे आणि पिळाची दिशा एकच, म्हणून एका पायाची बाजूची शिलाई पुढे येते आणि दुसऱ्याची मागे जाते. सरळ पँटमध्ये हे खपून जातं. विळ्यात एका पायाचा बाक पुढे जातो आणि दुसऱ्याचा मागे. तयार पँट घेतली असेल तर पहिल्या धुण्यानंतर शिलाया जुळवून बघा, बिल तोवर जपून ठेवा.

शिलाईला 90 नंबरची बॉलपॉइंट (गोलसर टोकाची) सुई, बारीक झिगझॅग, कडांना ओव्हरलॉक (कडा उसवू नये म्हणून घालायची शिलाई). बॉटमला रिब (ताणणारी निटची पट्टी) लावली नाही. रिबने पाय घोट्यावर गोळा होतो आणि खालचं वळण झाकलं जातं.

राहिलाय तो खिसा. बाजूच्या शिलाईत घातलेला खिसा बाकाच्या सुरुवातीलाच येतो, म्हणून उभं राहिल्यावर त्याचं तोंड उघडं दिसतं आणि फोन ठेवला की तिथला आकारच ओढला जातो. चौथ्या नमुन्यात तो पुढच्या भागावर तिरका घेणार आहे, तोंडाच्या आत न ताणणारी सुती पट्टी शिवून. खिशाचं खालचं टोक बाक सुरू होण्याआधी चार सेंटीमीटर संपेल अशी खूण कागदावर करून ठेवलीय. कापड धुऊन दोरीवर वाळतंय.