आधी वाचू की आधी पाहू?

हिंदीतले प्रयोगशील दिग्दर्शक मणि कौल यांचे चित्रपट पाहायचं ठरवलेली माणसं मला हटकून विचारतात, की ज्या कथेवरून चित्रपट घेतलाय ती आधी वाचावी की नंतर? तुम्हीही विचारलंत म्हणून सांगते. आधी वाचा.

एरवी मी उलटं सांगितलं असतं, कारण गोष्ट कळली की पुढे काय होणार ही उत्सुकता संपते. पण कौल यांचा चित्रपट त्या उत्सुकतेवर उभाच नाही. मोहन राकेश यांची ‘उसकी रोटी’ छोटी कथा आहे. बसड्रायव्हर सुच्चा सिंगची बायको बालो त्याचं जेवण घेऊन रस्त्यावर थांबते. एके दिवशी तिला उशीर होतो, तो चिडतो. घटना म्हणावी तर एवढीच. आपल्याकडे गाडगीळ-गोखल्यांच्या नवकथेने कथेला घटनेकडून मनाकडे वळवलं, तसंच हिंदीत ‘नई कहानी’ने केलं, आणि राकेश त्यातले बिनीचे.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये बंगाली दिग्दर्शक ऋत्विक घटकांच्या हाताखाली शिकलेल्या कौल यांनी 1969 मध्ये या कथेवर पहिला चित्रपट केला, तेव्हा ते जेमतेम पंचविशीचे होते. के. के. महाजन यांच्या कॅमेऱ्याला त्यांनी दोनच भिंगं दिली, रुंद दृश्य टिपणारं 28 आणि दूरचं जवळ आणणारं 135 मिलिमीटरचं. पहिल्यातून बालोचं प्रत्यक्ष वाट पाहणं, दुसऱ्यातून तिच्या मनात चाललेलं. आणि प्रेक्षकाला ही वाटणी उमगायला लागावी, तोवर ते ती उलटवतात! वाट पाहणाऱ्या माणसाला तरी कुठे कळतं, की बस खरंच आली की आल्यासारखी वाटली? कथा न वाचता बसलात तर हा कोण, हे आज की काल, यातच जीव अडकतो. वाचून गेलात तर डोळे मोकळे राहतात. मग कणीक मळणारे हात दिसतात, रिकामा रस्ता दिसतो. नट संवाद भावना न ओतता, सपाट बोलतात. त्याचा राग यायचं कारण नाही. अभिनय बाजूला झाला की राकेश यांचं वाक्य वाक्य म्हणून ऐकू येतं. कौल यांना कथा दाखवायची नव्हती, तिच्या गद्याची चाल दाखवायची होती, असं माझं ठाम मत आहे.

हिंदी कवी गजानन माधव मुक्तिबोधांच्या लेखनावरच्या ‘सतह से उठता आदमी’ला (1980) मात्र हा सल्ला पुरत नाही. त्यात कथा, कविता, निबंध सगळं एकमेकांत मिसळलंय, कितीसं वाचून जाणार? घरी मराठी बोलणारा हा कवी हिंदीत लिहीत राहिला (त्यांचे धाकटे भाऊ शरच्चंद्र मराठीतले कवी). त्यांची ‘अंधेरे में’ ही दीर्घ कविता एकदा मोठ्याने वाचा, तेवढं बास. ती कानात बसली की चित्रपटाचा संथपणा खुपत नाही. कौल डागर घराण्याचं ध्रुपद शिकले होते. आलाप ऐकताना बंदिश कधी सुरू होणार म्हणून आपण घड्याळ बघत नाही ना?

‘दुविधा’ (1973) आधी पाहिलात तरी बिघडत नाही. राजस्थानी लेखक विजयदान देथांनी तिची मूळ कथा लोककथेवरून लिहिलीय, आणि नवऱ्याचं रूप घेणारं भूत कुठल्याही क्रमाने कळतं.

सुरुवात ‘उसकी रोटी’पासूनच करा. फक्त कथा वाचून लगेच चित्रपट लावू नका, मध्ये आठवडाभर जाऊ द्या. तपशील पुसट झालेले आणि बालो लक्षात राहिलेली, अशा वेळी तो सर्वांत चांगला दिसतो.