सगळ्यात जवळचं गाव

गेल्या पावसाळ्यात मी बायबलचा जुना करार मराठीतून वाचायला घेतला. उत्पत्ति आणि निर्गम भराभर झालं कारण बऱ्याच गोष्टी कानावरून गेलेल्या होत्या, मग लेवीय आलं आणि तिथे जी अडकले ती दोन महिने. लोक सांगतात लेवीय सोडून दे, नुसतं रक्त आणि चरबी आणि गुर्दे आणि राख, काय जाळायचं आणि याजकाने काय खायचं याच्या याद्या. मला मात्र पहिल्याच अध्यायाने धरून ठेवलं. माणूस आपला बैल घेऊन दर्शनमंडपाच्या दाराशी येतो, बैलाच्या डोक्यावर स्वतःचा हात ठेवतो आणि मग तोच माणूस तो बैल कापतो. याजकाचं काम त्यानंतर सुरू होतं, रक्त घ्यायचं, वेदीवर टाकायचं. मी इतके दिवस समजत होते की कापणार पुजारी आणि ज्याचा बळी तो बाजूला हात जोडून उभा.

पुढे सतराव्या अध्यायात तर असं आहे की देवासमोर न आणता कुणी बैल, मेंढरू, बकरं कापलं तर त्या माणसावर रक्तपाताचा दोष. म्हणजे जनावर मारलं तरी ते मारणंच, आणि त्याचा हिशोब द्यायचा, कारण प्राण्याचा जीव रक्तात असतो आणि तो जीव तुझा नाही. म्हणून रक्त खायचं नाही, कधीच. हे वाचल्यावर मला त्या सगळ्या याद्या वेगळ्याच दिसायला लागल्या. कुणाचा हात, कुठे ठेवला, काय सांडलं, सगळं नोंदलेलं.

आणि मग गणना या पुस्तकाचा ३१वा अध्याय आला, आणि मी पुस्तक मिटून ठेवलं, चारपाच दिवस हातात घेतलं नाही.

इस्राएलची मिद्यानी लोकांशी लढाई होते, मिद्यानाचे सगळे पुरुष मारले जातात, सैन्य बायकापोरं घेऊन परत येतं आणि इस्राएलचा पुढारी मोशे रागावतो की बायकांना जिवंत का ठेवलंत. सगळे मुलगे मारा, पुरुष माहीत असलेल्या सगळ्या बायका मारा, कुमारिका तेवढ्या स्वतःसाठी ठेवा. मग शुद्धीचे नियम येतात: ज्यांनी कुणाला मारलंय, प्रेताला हात लावलाय त्यांनी सात दिवस छावणीबाहेर राहायचं, तिसऱ्या आणि सातव्या दिवशी शुद्ध व्हायचं, धातूच्या वस्तू विस्तवातून काढायच्या, बाकीच्या पाण्यातून. आणि मग लूट मोजतात. मेंढरं ६,७५,०००, गुरं ७२,०००, गाढवं ६१,०००, मुली ३२,०००. एकाच यादीत, गाढवांच्या पाठोपाठ. सैनिकांच्या हाताला लागलेलं मरण उतरवायला सात दिवसांचा विधी आहे, आणि ज्या मुलींच्या आया आणि भाऊ दोनचार दिवसांपूर्वी मारले गेले त्यांच्या दुःखासाठी त्या अख्ख्या अध्यायात एक वाक्य नाही. मला सारखी पंडिता रमाबाईंची आठवण येत होती. बाईंनी सगळं बायबल मूळ हिब्रू आणि ग्रीकमधून मराठीत आणलं, म्हणजे हाही अध्याय आणला, आणि ज्या केडगावच्या मुक्तीसदनात हे काम झालं तिथे दुष्काळातून वाचवून आणलेल्या कितीतरी मुली राहत होत्या.

पुढे जे येतं त्याला हिब्रूत हेरेम म्हणतात. आपण हराम म्हणतो ना, तो अरबी शब्द याचाच भाऊ, मुळात अर्थ वेगळं काढलेलं, देवाच्या नावाने बाजूला ठेवलेलं, माणसाने हात न लावायचं. युद्धात एखादं शहर हेरेम केलं म्हणजे ते आख्खं देवाचं झालं, त्यातला माणूस, बाई, बैल, गाढव काहीच ठेवायचं नाही. यरीहो शहरात तसं होतं, राहाब नावाची एक बाई आणि तिच्या घरचे सोडून. आखान नावाचा एक जण तिथला एक चांगला झगा, २०० शेकेल चांदी आणि सोन्याची एक वीट लपवून ठेवतो, पुढच्या, आय गावच्या लढाईत इस्राएलची ३६ माणसं मरतात, आणि चिठ्ठ्या टाकत टाकत आखान सापडतो, तेव्हा त्याला, त्याच्या मुलामुलींना, गुराढोरांना खोऱ्यात नेऊन दगडांनी ठेचतात. इस्राएलच्या शौल राजाला शत्रू असलेल्या अमालेकी लोकांबद्दल हीच आज्ञा मिळते, तान्ह्या बाळांसकट, पण शौल त्यांच्या राजाला, अगागाला, आणि चांगली चांगली मेंढरं ठेवून घेतो, आणि तेव्हा संदेष्टा शमुवेल त्याला म्हणतो की यज्ञापेक्षा आज्ञा पाळणं बरं. हे वाक्य मी आधी किती ठिकाणी वाचलं होतं, छान सुविचार म्हणून, फळ्यावर लिहावा असा! कुठली आज्ञा ते तेव्हा कुणी सांगितलं नव्हतं. मग शमुवेल गिलगालमध्ये परमेश्वरासमोर अगागाचे तुकडे करतो. परमेश्वरासमोर, हेच शब्द लेवीयात बैल कापताना आहेत.

मला इथे जे खुपलं ते सांगते. लेवीयात बैल मारणाऱ्याला सुद्धा हात ठेवून कबूल करावं लागतं की हे मी केलं. हेरेममध्ये अख्खं शहर मारलं तरी हात कुणाचाच नाही, सगळं आधीच देवाचं आहे, आपण फक्त पोचवलं. उलट दोषी कोण ठरतो, तर ज्याने काहीतरी मारायचं किंवा जाळायचं बाकी ठेवलं तो. विधी एकच आहे असं आपण म्हणतो पण तो दोन अगदी विरुद्ध कामं करू शकतो, आणि दोन्ही एकाच पुस्तकात आहेत.

हे फक्त इस्राएलचं होतं असंही नाही. १८६८ साली आजच्या जॉर्डनमधल्या धिबान इथे काळ्या बेसाल्टचा एक शिलालेख सापडला, नंतर तिथल्या लोकांनी तो फोडला पण त्याआधी ठसा घेतलेला होता म्हणून बराचसा जुळवता आला, आता पॅरिसला लूव्रमध्ये आहे. इसवीसनापूर्वी नवव्या शतकातला मोआबचा राजा मेशा त्यात सांगतो की इस्राएलचा राजा अम्री आम्हाला छळत होता कारण आमचा देव कमोश आपल्या देशावर रागावला होता, मग मी नबो गाव घेतलं, सात हजार जण मारले, पुरुष आणि बायका, कारण मी ते अश्तार-कमोशसाठी हेरेम केलं होतं. तोच शब्द, फक्त मारणारे आणि मरणारे बदललेले. आणि या मेशाची गोष्ट बायबलमध्येही आहे, राजांच्या दुसऱ्या पुस्तकात, वेढा पडतो तेव्हा तो आपल्या थोरल्या मुलाचा तटावर होम करतो, आणि इस्राएलवर मोठा कोप येतो आणि ते माघारी जातात. कुणाचा कोप ते लिहिलेलं नाही. मी ती ओळ चार वेळा वाचली.

खोदकामाचं वाचल्यावर आधी खूप हायसं वाटलं. कॅथलीन केनयन यांनी १९५२ ते १९५८ यरीहोत खोदलं आणि यरीहो जिंकणाऱ्या यहोशवाच्या काळातल्या म्हणून दाखवल्या जाणाऱ्या पडक्या भिंती त्याच्या हजारेक वर्षं आधीच्या निघाल्या. आय हे गाव जिथे होतं असं बरेच जण मानतात त्या एत-तेलच्या टेकाडावर त्या काळात कुणी राहतच नव्हतं, हजार वर्षांहून जास्त ओसाड. म्हणजे एवढी माणसं तशी मेलीच नाहीत बहुतेक. अनुवाद नावाच्या पुस्तकाच्या सातव्या अध्यायात तर कनान देशातल्या सात राष्ट्रांबद्दल आज्ञा आहे की यांचा समूळ नाश करा, आणि लगेच पुढे, यांच्याशी सोयरीक करू नका, आता सगळे मेल्यावर सोयरीक कुणाशी करणार? पण मग ते हायसं वाटणं फार टिकलं नाही. कुणीतरी बसून हे लिहिलं, आपल्या पूर्वजांनी असं करायला हवं होतं म्हणून लिहिलं, आणि नंतर हजारो वर्षं लोकांनी ते झालेलं म्हणूनच वाचलं आणि आपल्या शत्रूला अमालेकी म्हटलं.

हे वाचणारे रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, मात्र गप्प बसले नाहीत याचं मला फार बरं वाटतं. एक अम्मोनी माणूस ज्यू धर्मात यायचं म्हणतो, शास्त्र नाही म्हणतं, तर मिश्ना या ज्यूंच्या जुन्या धर्मनियमांच्या ग्रंथात रब्बी यहोशुआ सांगतात की अश्शूरचा राजा सन्हेरीब आला आणि त्याने सगळ्या राष्ट्रांची सरमिसळ करून टाकली, आता अम्मोनी कोण ते कुणाला ठाऊक, या आत. पुढे बाराव्या शतकात मैमोनिदेस हा ज्यू पंडित त्या सात राष्ट्रांबद्दल लिहितो की त्यांची आठवणही राहिली नाही. आज्ञा खोडली नाही पण ती ज्यांच्यावर चालवायची ती माणसंच नकाशावर उरू दिली नाहीत.

शास्ते पुस्तकातली इफ्ताहाची मुलगी मी विसरू शकत नाही. बाप नवस बोलतो की जिंकून आलो तर घराच्या दारातून जे पहिलं सामोरं येईल त्याचा होम करीन, आणि ती डफ वाजवत नाचत येते. अब्राहाम आपल्या मुलाचा, इसहाकाचा बळी द्यायला निघतो तेव्हा झुडपात एडका अडकलेला होता, देवदूत हाक मारतो. हिच्या वेळी कुणी हाक मारत नाही. ती दोन महिने मागून घेते, मैत्रिणींबरोबर डोंगरात जाऊन रडायला. तिचं नाव सुद्धा लिहिलेलं नाही. पण शेवटी एक ओळ आहे, की इस्राएलच्या मुली दरवर्षी चार दिवस तिच्यासाठी जात असत. त्या सगळ्या पुस्तकांत इतके विधी आहेत, मेलेल्या मुलीच्या बाजूने असलेला मला हा एकच सापडला.

आणि अनुवाद पुस्तकाच्या २१व्या अध्यायातली कालवड. शेतात कुणीतरी मारून टाकलेला माणूस सापडतो, मारणारा माहीत नाही. तर वडीलधारे आणि न्यायाधीश येतात आणि प्रेतापासून भोवतालच्या गावांची अंतरं मोजतात. सगळ्यात जवळचं जे गाव निघेल तिथल्या वडीलधाऱ्यांनी कधी जू न ओढलेली कालवड घ्यायची, वाहत्या पाण्याच्या, न नांगरलेल्या खोऱ्यात न्यायची, तिची मान मोडायची आणि तिच्यावर हात धुवायचे, आणि म्हणायचं की आमच्या हातांनी हे रक्त सांडलं नाही, आमच्या डोळ्यांनी पाहिलं नाही. मिश्नात यावर वाद आहे की अंतर मोजायचं प्रेताच्या कुठल्या भागापासून, रब्बी एलिएजर म्हणतात बेंबीपासून, रब्बी अकिवा म्हणतात नाकापासून. एवढं बारीक! एका अनोळखी माणसासाठी.

माझ्या माहेरी काही वर्षांपूर्वी गावाबाहेरच्या रस्त्यावर एक माणूस मेलेला सापडला होता, दोन पोलीस ठाण्यांच्या हद्दीच्या मधोमध. सकाळपासून दुपारपर्यंत तो तिथेच होता. तेव्हाही अंतर मोजलं होतं, टेप आणून, हद्द त्यांची की आमची ते बघायला, आणि दोन्हीकडच्यांना ते दुसऱ्याचं निघायला हवं होतं. आमच्या गावातलंही कुणी पुढे झालं नाही, आम्ही सगळे लांबून बघत होतो. नाव शेवटपर्यंत कळलं नाही.

मिश्नातले रब्बी पुढे विचारतात, वडीलधाऱ्यांनी असं का म्हणायचं, त्यांनी खून केला असं कुणाच्या तरी मनात येईल का? आणि उत्तर देतात की त्यांचं म्हणणं असं, हा माणूस आमच्याकडे आला आणि आम्ही त्याला उपाशी लावून दिला असं झालं नाही, आम्ही त्याला पाहिलं आणि सोबत न देता एकटं जाऊ दिलं असं झालं नाही. थोडं पुढे हेही लिहिलंय की खुनी फार वाढले तेव्हा कालवडीचा विधी बंद पडला.

हे मी परवा आईला फोनवर वाचून दाखवलं. ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, आदल्या संध्याकाळी तो देवळाच्या पायरीवर बसलेला होता गं, मी बाजारातून येताना पाहिलं होतं त्याला.